विंचवाचं बिऱ्हाड आणि सोळा नंबरची जर्सी

घूचाननेजाद हे आडनाव पहिल्यांदा वाचताना जीभ दोनदा अडखळते. फोड केली की सोपं होतं. घूचान हे इराणच्या ईशान्य भागातलं, मशहदपासून फार लांब नसलेलं एक शहर. 'नेजाद' म्हणजे कूळ. घूचानच्या कुळातला तो घूचाननेजाद. आपल्याकडे जन्मला असता तर सरळ घूचानकर झाला असता. युरोपातल्या प्रेक्षकांनी एवढी खटपट केली नाही, त्यांनी त्याचं 'गुची' करून टाकलं.

तर हे रेझा घूचानकर. जन्म २० सप्टेंबर १९८७, मशहद. काम फुटबॉलमध्ये स्ट्रायकरचं, म्हणजे सगळ्यात पुढे उभं राहून गोल करण्याचं. आडनावात गाव घेऊन फिरणारा हा माणूस कुठे कुठे खेळला ते बघा: हेरेनवेन, गो अहेड ईगल्स, एमेन, कांबूर हे नेदरलँड्समधले क्लब. मग बेल्जियममध्ये सिंट-ट्रॉयडन आणि स्टँडर्ड लिएज. लंडनमध्ये चार्लटन. कुवेतमध्ये अल-कुवेत, कतारमध्ये अल-वकरा. पुन्हा हेरेनवेन. सायप्रसमध्ये अपोएल. ऑस्ट्रेलियात सिडनी. परत नेदरलँड्समध्ये झ्वोला. इराणच्या लीगचं नाव या यादीत नाही.

अशा खेळाडूला इंग्रजीत जर्नीमन म्हणतात. हा शब्द मुळात कारागिरांचा. शिकाऊपण संपलेलं आहे, हात तयार आहे, पण स्वतःचं दुकान नाही. म्हणून ज्याच्याकडे काम असेल त्याच्याकडे रोजावर जायचं. आपल्याकडे गवंड्यांचं, सुतारांचं असंच चालतं. फुटबॉलच्या बातम्यांत मात्र हा शब्द जरा हिणवून वापरतात. एका जागी टिकला नाही, म्हणजे काहीतरी कमी असणार, असा सूर असतो. रेझाची कारकीर्द नीट उलगडली की दिसतं, खेळाडू कुठे जातो हे त्याचे गोल फार थोडं ठरवतात. करार, मालक, पासपोर्ट, प्रशिक्षक आणि जन्मतारीख हेच बरंचसं ठरवतात. ते कसं, ते एकेक करून बघू.

रेझा लहान असतानाच घरच्यांनी मशहद सोडलं आणि तो नेदरलँड्सच्या उत्तरेला, फ्रीसलंड प्रांतातल्या लेउवार्डनमध्ये वाढला. घरी व्हायोलिन, बाहेर फुटबॉल. व्हायोलिन तो चांगलं वाजवायचा, नुसता नाद नव्हता. फुटबॉलमध्ये तो शेजारच्या हेरेनवेनच्या युवा संघात पोहोचला आणि डच वयोगटातल्या राष्ट्रीय संघांतूनही खेळला. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

हेरेनवेनच्या मुख्य संघात काही त्याची जागा पक्की होईना. मग क्लबने त्याला लोनवर पाठवलं. लोन म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बँक येते, पण इथलं लोन सरकारी नोकरीतल्या प्रतिनियुक्तीसारखं असतं. माणूस मूळ खात्याचाच, सेवापुस्तक तिथेच, पण वर्ष-सहा महिने काम दुसऱ्या खात्यात. पगार कोणी किती द्यायचा हे दोन्ही क्लब बसून ठरवतात. तरुण खेळाडूला सामने मिळतात, धाकट्या क्लबला फुकटात किंवा स्वस्तात माणूस मिळतो, आणि मूळ क्लबला कळतं की हे पाणी किती खोल आहे. गो अहेड ईगल्स आणि एमेन हे त्याचे लोनचे मुक्काम, दोन्ही तेव्हा दुसऱ्या विभागात, म्हणजे अव्वल लीगच्या एक पायरी खाली. पुढे तो कांबूरकडे गेला. कांबूर लेउवार्डनचाच क्लब आणि हेरेनवेनचा हाडवैरी, त्यामुळे घरी परतला खरा, पण वेशीच्या दुसऱ्या दाराने.

२०११ मध्ये तो बेल्जियमला सिंट-ट्रॉयडनकडे गेला. पहिल्याच हंगामाअखेर क्लब दुसऱ्या विभागात घसरला. तिथे तो गोल करू लागला आणि जानेवारी २०१३ मध्ये स्टँडर्ड लिएजने, म्हणजे बेल्जियमच्या बड्या क्लबांपैकी एकाने, त्याला उचललं.

लिएजचं नाव आलंच आहे तर बोसमानला ओलांडून जाता येणार नाही. झाँ-मार्क बोसमान हा याच शहरातला, स्टँडर्डमध्येच घडलेला साधा खेळाडू. १९९० मध्ये त्याचा आरएफसी लिएज या दुसऱ्या क्लबशी करार संपला. त्याला फ्रान्सला जायचं होतं. क्लब म्हणाला, आधी पैसे. करार संपलेला, पगार कापलेला, तरी माणूस क्लबच्या मालकीचाच! तो कोर्टात गेला आणि १५ डिसेंबर १९९५ रोजी युरोपीय न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. तेव्हापासून करार संपला की खेळाडू मोकळा. आज ट्रान्सफर फी म्हणून जे आकडे वाचतो, ती माणसाची किंमत नसते. मुदत शिल्लक असलेला करार मध्येच मोडण्याची भरपाई असते. मुदत जितकी जास्त, भरपाई तितकी जास्त. म्हणून क्लब शेवटच्या वर्षात अस्वस्थ होतात आणि खेळाडूला विकून टाकायला बघतात. निकालाचा दुसरा भाग असा की युरोपीय संघातल्या नागरिकांना परदेशी खेळाडूंच्या मर्यादेत धरायचं नाही. डच नागरिक असलेल्या रेझाला बेल्जियममध्ये जागा अडवणारा कोटा उरला नाही. निकाल जिंकणाऱ्या बोसमानची स्वतःची कारकीर्द मात्र तोवर धुळीला मिळाली होती.

आता वयोगटातल्या त्या डच सामन्यांकडे वळू. एका देशाकडून खेळलेला माणूस दुसऱ्या देशाकडून कसा खेळतो? फिफाचा नियम असा होता: वयोगटात एका देशाकडून अधिकृत स्पर्धेत खेळलात, तरी मुख्य संघाकडून अधिकृत सामना खेळला नसाल आणि दुसऱ्या देशाचं नागरिकत्व आधीपासून असेल, तर आयुष्यात एकदा देश बदलता येईल, मात्र २१ वर्षं पूर्ण होण्याआधी. २००९ मध्ये बहामाजमधल्या नासाऊ इथे झालेल्या फिफाच्या अधिवेशनात ही वयाची अट काढून टाकली. रेझा तेव्हा २१ वर्षांचा होता. अट राहिली असती, तर तो आयुष्यभर एक कोणे एके काळी डच युवा संघातून खेळलेला, दुसऱ्या विभागातला स्ट्रायकर राहिला असता.

इराणी वडिलांच्या मुलाचं इराणी नागरिकत्व सहजासहजी सुटत नाही, त्यामुळे ती अट आपोआप पूर्ण होत होती. २०११ मध्ये इराणचे प्रशिक्षक झालेले पोर्तुगीज कार्लोस केरोश याच वाटेने माणसं शोधत होते. तेहरानमध्ये जन्मून बर्लिनमध्ये वाढलेला अश्कान देजागा, जर्मनीत जन्मलेला गोलकीपर डॅनियल दावारी, अमेरिकेतला स्टीव्हन बैताशूर, असे एकेक जण त्यांनी गोळा केले. परदेशी क्लबातून खेळणाऱ्यांना इराणी वर्तमानपत्रं 'लेजिओनेर' म्हणतात, म्हणजे परक्या फौजेत भरती झालेला शिपाई. केरोशनी या शिपायांना माघारी बोलावलं म्हणायचं. २०१२ मध्ये रेझा इराणकडून पहिल्यांदा खेळला.

(आपल्याकडे हे दार का उघडत नाही असं लोक विचारतात. भारत दुहेरी नागरिकत्व देत नाही, आणि भारताकडून खेळायला भारतीय पासपोर्टच लागतो. पुणे एफसीचे सामने बघायला बालेवाडीला जाणाऱ्यांना इझुमी अराता आठवत असेल. आई जपानी, वडील भारतीय वंशाचे. निळी जर्सी घालण्यासाठी त्याने जपानचा पासपोर्ट सोडला, मगच २०१३ मध्ये भारताकडून खेळला. रेझाला काही सोडावं लागलं नाही, फरक एवढाच.)

जून २०१३ मध्ये इराणचं विश्वचषकात पोहोचण्याचं गणित बिघडलेलं होतं. बैरुतमध्ये लेबनॉनकडून हार, तेहरानमध्ये उझबेकिस्तानकडून हार, आणि गोल करायला माणूस नाही. ४ जूनला दोहामध्ये कतारविरुद्ध १-०, गोल रेझाचा. ११ जूनला तेहरानमध्ये लेबनॉनविरुद्ध ४-०, त्यात एक रेझाचा. आणि १८ जूनला शेवटचा सामना, दक्षिण कोरियात, उल्सानला.

तो गोल सावकाश बघण्यासारखा आहे. साठावं मिनिट. कोरियन बचावपटू किम यंग-ग्वोनकडे चेंडू आहे, समोर धोका दिसत नाही. त्याने चेंडू ताब्यात घ्यायला किंचित वेळ लावला. रेझा तेवढ्यासाठीच घुटमळत होता. चेंडू काढून घेतला, पेनल्टी एरियात शिरला, आणि डाव्या पायाने असा वळवून मारला की तो लांबच्या खांबाच्या वरच्या कोपऱ्यात गेला. स्ट्रायकरचं काम म्हणजे काय हे समजावून सांगायचं असेल तर मी हीच क्लिप दाखवतो. साठ मिनिटं त्याच्या वाट्याला जवळजवळ काही आलं नव्हतं. जे आलं ते दुसऱ्याच्या चुकीतून आलं, आणि ती चूक होईल या हिशोबाने तो आधीपासून तिथे होता.

इराण १-० जिंकला, १६ गुणांसह गटात पहिला आला. कोरिया आणि उझबेकिस्तान दोघांचे १४ गुण झाले, आणि एका गोलच्या फरकाने कोरिया वाचला. केरोश कोरियन बाकाकडे मूठ दाखवून आले, त्यावरून मोठा वाद झाला. तेहरानचे रस्ते रात्रभर जागे होते.

एवढा मोठा नायक म्हटल्यावर क्लबात त्याची जागा पक्की झाली असेल ना? छे. त्याला स्टँडर्डमध्ये खेळवणारे प्रशिक्षक मिर्चा रेडनिक त्याच उन्हाळ्यात गेले आणि गाय लुझॉन आले. नवा प्रशिक्षक आला की तो आपली माणसं, आपली पद्धत घेऊन येतो. बचावपटू किंवा गोलकीपर बहुधा यातून निभावतो. स्ट्रायकरची जागा एकच असते, आणि तो बाकावर बसला की गोल थांबतात, गोल थांबले की तो बाकावरच बसतो. नवी सून आल्यावर स्वयंपाकघरातले डबे हलतात तसं हे. डब्यातल्या जिनसेत काही खोट नसते, फडताळ बदललेलं असतं.

सात महिन्यांत, जानेवारी २०१४ मध्ये, तो चार्लटनला गेला. इथे मालकाचा भाग येतो. स्टँडर्डचे मालक होते बेल्जियन उद्योगपती रोलांद दुशातले. सिंट-ट्रॉयडनही आधी त्यांच्याच हातात होतं. जानेवारी २०१४ मध्ये त्यांनी चार्लटन विकत घेतला, आणि त्याच महिन्यात स्टँडर्डमधून रेझासह काही खेळाडू लंडनला आले. एकाच मालकाचे अनेक क्लब असले की असं होतं: या दुकानात न खपलेला माल त्या दुकानात. बदल्या कागदावर ट्रान्सफर असतात, व्यवहारात खात्याअंतर्गत बदल्या. हंगामाच्या मध्ये, जानेवारीच्या खिडकीत, म्हणजे खेळाडू बदलायच्या ठरलेल्या मुदतीत, आलेल्या माणसाला सरावाला वेळ नसतो, आणि चार्लटन तेव्हा दुसऱ्या विभागात तळाशी झगडत होता. त्याच महिन्यात क्लबने प्रेक्षकांचा लाडका स्ट्रायकर यान केर्मोर्गां विकला. त्यामुळे रेझाने पाऊल ठेवलं तेच रागावलेल्या घरात. गोल फारसे झाले नाहीत. लोकांनी जे मालकाला ऐकवायचं होतं, त्यातलं थोडं त्यालाही ऐकावं लागलं असणार.

मग ब्राझीलचा विश्वचषक, सोळा नंबरची जर्सी. नायजेरियाशी ०-०. अर्जेंटिनाला इराणने नव्वद मिनिटं रोखून धरलं आणि भरपाईच्या वेळेत मेस्सीने गोल केला. बोस्नियाविरुद्धचा तिसरा सामना २५ जूनला साल्व्हादोरला, आपल्याकडे रात्री साडेनऊचा. ०-२ ने मागे असताना ८२व्या मिनिटाला कर्णधार नेकुनामने उजवीकडून चेंडू आत सरकवला आणि रेझाने अगदी जवळून तो आत ढकलला. पुढच्याच मिनिटात बोस्नियाने तिसरा गोल केला, इराण १-३ ने हरून बाहेर. तरी त्या विश्वचषकात इराणचा गोल तो एवढाच.

विश्वचषकात गोल केलेला माणूस त्यानंतर गेला कुठे? कुवेत आणि कतार, लोनवर. वरवर ही उतरंड वाटते, आणि पैशाचा भाग त्यात आहेच. पण खरी मेख पासपोर्टात आहे. त्या काळात आशियाई क्लब स्पर्धांत '३+१' नियम होता: तीन खेळाडू कुठलेही परदेशी, आणि चौथा परदेशी घ्यायचा तर तो आशियाई देशाचाच हवा. आखाती क्लबांना त्या चौथ्या जागेवर युरोपात घडलेला माणूस हवा असायचा. डच शाळेत शिकलेला, बेल्जियम-इंग्लंडमध्ये खेळलेला आणि तरी नियमाने आशियाई, असे लोक हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. युरोपात त्याच्या डच नागरिकत्वाने दारं उघडली, आखातात इराणी नागरिकत्वाने. दोन किल्ल्या असल्यामुळेच एवढी घरं झाली, असंही म्हणता येईल.

इराणमध्येच वाढलेल्या स्ट्रायकरची वाट याहून वेगळी असते. तिथे मुलांना 'सरबाझी', म्हणजे सक्तीची लष्करी सेवा, चुकत नाही. ती झाल्याशिवाय परदेशी जाणं अवघड. म्हणून फज्र सेपासीसारखे लष्कराशी जोडलेले क्लब आहेत, जिथे खेळत सेवा पूर्ण करता येते. तिथल्या भटक्या खेळाडूंच्या यादीत असा एखादा क्लब मध्येच डोकावतो, त्याचं कारण हे. अर्दबीलचा करीम अन्सारीफर्द इराणच्या तीन क्लबांतून स्पेन, ग्रीस, इंग्लंड, कतार, सायप्रस असा फिरला. तोही भटकाच, फक्त त्याची यादी घरच्या लीगपासून सुरू होते.

जानेवारी २०१५ च्या आशिया चषकात केरोशनी तरुण सरदार आझमूनला पुढे केलं होतं, रेझा बाकावर. यूएईविरुद्ध तो बदली म्हणून उतरला आणि ९१व्या मिनिटाला सामन्यातला एकमेव गोल केला. कॅनबेरामध्ये इराकविरुद्धच्या उपांत्यपूर्व फेरीत इराण पहिल्या सत्रातच दहा जणांवर आला होता, जादा वेळेत २-३ ने मागे होता, आणि ११९व्या मिनिटाला त्याने ३-३ केलं. पेनल्टींवर इराण ६-७ ने हरला. त्याच महिन्यात चार्लटनला नवा प्रशिक्षक मिळाला: गाय लुझॉन, लिएजचेच. मालकाच्या एका दुकानातून दुसऱ्यात खेळाडूच जातात असं थोडंच आहे!

२०१६ मध्ये चार्लटन तिसऱ्या विभागात घसरला आणि रेझा हेरेनवेनला परतला. त्या क्लबच्या निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या जर्सीवर लाल बदामासारखी चित्रं असतात. बघणाऱ्याला ती हृदयं वाटतात, पण फ्रीसलंडच्या माणसाला विचारलं तर तो लगेच दुरुस्त करेल: ही पाण्यातल्या कमळाची पानं, आमच्या झेंड्यावरची. रेझाला हे कोणी सांगायची गरज नव्हती.

त्या हंगामात त्याने डच पहिल्या विभागात २० गोल केले. लीगमध्ये त्याच्यापुढे एकटा फेयेनूर्दचा निकोलाय योर्गेनसन, २१ गोलांचा. माणूस तोच, पाय तेच. बदललं ते एवढं की भाषा ओळखीची होती, संघ चेंडू जमिनीवर ठेवून खेळत होता, आणि प्रशिक्षकाने त्याला आठवड्यामागून आठवडा खेळवलं. जानेवारीत रेआल माद्रिदहून लोनवर आलेला मार्टिन ओडेगार्ड नावाचा १८ वर्षांचा पोरगा मागून पास द्यायला होता, हेही खरं.

मग मोठा क्लब का धावत आला नाही? उत्तर पुढच्या वर्षी मिळालं. २०१७-१८ मध्ये त्याच लीगमध्ये अल्कमारच्या एझेडकडून अलीरेझा जहानबख्श या दुसऱ्या इराण्याने २१ गोल करून सर्वाधिक गोलांचा मान मिळवला, आणि इंग्लंडच्या ब्रायटनने त्याला तोवरची आपली सर्वांत मोठी रक्कम मोजून नेलं. फरक एका गोलाचा. पण जहानबख्श तेव्हा २४ वर्षांचा होता, रेझा आपल्या हंगामात २९ चा. चोविशीतला खेळाडू क्लब वापरतो आणि चार वर्षांनी पुन्हा विकतो. पैसे परत येतात. तिशीतल्या स्ट्रायकरवर खर्च केलेला पैसा म्हणजे जुनी गाडी नवी म्हणून घेणं, शोरूमच्या बाहेर पडली की किंमत गेली. पुढच्या हंगामात रेझाचे गोल बरेच कमी झाले, आणि तो हिशोबही मिटला.

२०१८ च्या रशियातल्या विश्वचषकासाठी इराणच्या संघात तो होता, पुन्हा सोळा नंबरच. नंतर अपोएल, तिथून सिडनी, जिथे त्या हंगामात क्लबने ऑस्ट्रेलियन लीग जिंकली. आणि मग झ्वोला. लेउवार्डनहून ट्रेनमध्ये बसलं की तासाभरात झ्वोला येतं, आणि वाटेत एक स्टेशन हेरेनवेनचं असतं.